टीव्हीवर हरलेला पैलवान

दौलूतात्या नव्या माणसाला नाव सांगायच्या आधी आपण हरल्याचं सांगतात. परवा आमची गॅसची शेगडी दुरुस्त करायला माणूस आला, तर तात्या शेजारून डोकावलेच.

"पावणं, म्या टीव्हीवर आल्याला पैलवान हाय. हारलोय. पार चितपट."

एवढ्यावर सुटका नसते. तात्यांनी त्याची मान धरून वाकवली आणि आपण कसे पडलो ते करून दाखवलं. पंच्याहत्तरी उलटली तरी पकड अशी, की शेगडीवाल्याने नंतरचा चहा मान वाकडी ठेवूनच प्यायला.

उचगावात आमची न् त्यांची भिंत एक. डेअरीत, लग्नाच्या पंगतीत, दवाखान्याच्या रांगेत, सगळीकडे हेच. सूनबाई वैतागतात, "मामा, जिंकलेल्या कुस्त्या पण सांगा की!"

"त्या टीव्हीवर न्हवत्या."

झालं होतं असं. टीव्ही तेव्हा नवा होता. दिल्लीच्या एका स्पर्धेतली तात्यांची कुस्ती त्यावर दाखवली. गावात एकच टीव्ही, डॉक्टरांकडे, आणि पडद्यावर नुसत्या मुंग्या. एका पैलवानाचा पोशाख लाल, दुसऱ्याचा निळा. गावाला दोघेही करडेच दिसले. त्यात निवेदकाने नावांची अदलाबदल केली. दिल्लीत तात्या मिनिटभरात पडले आणि उचगावात जिंकले.

खाली मान घालून तात्या कोल्हापूर स्टेशनावर उतरले, तर समोर हलग्या. "आरं, म्या पडलोय!" ते ओरडत होते. हलगीत ऐकतो कोण? गुलालाने तोंड भरलं. घरी पोचले तेव्हा वडील दारात उभे होते. म्हातारा जुना पैलवान, दोन्ही डोळे गेलेले.

"ये बाळा. कुठल्या डावावर पाडलास?"

तात्यांच्या तोंडून निघून गेलं, "ढाक."

मग रोज संध्याकाळी म्हातारा विचारायचा आणि तात्या सांगायचे. वडील होते तोवर तात्यांनी हरल्याचा गावात कुणाकडे चकार शब्द काढला नाही. बाराव्याच्या दुसऱ्या दिवशी मात्र चावडीवर उभं राहून सांगून टाकलं, "म्या हारलोतो." तेव्हापासून ते थांबलेलेच नाहीत.

मी एकदा विचारलं, "वडिलांना शेवटपर्यंत कळलं नाही?"

तात्या भिंतीला टेकून बसले.

"हातरुणाला खिळल्यावर आबा म्हनला, 'दौल्या, तू दिल्लीसनं आलास, म्या पाठीवर हात ठेवला, तर अंग चोरलंस. जिकल्याला गडी अंग चोरत न्हाय.' म्या म्हनलो, 'मग रोज कशापायी इचारत हुतासा?' तर म्हनतोय, 'तालमीच्या नादात तू घरात टेकत न्हवतास. ही कुस्ती काढली की घटकाभर जवळ बसायचास.'"

"मग?"

"मग काय? त्या दिशी बी इचारलं त्यानं. म्या हातरुणावर टेकलो, त्येचा हात हातात घेतला, आनि पुन्यांदा सांगितलं की. ढाक लावूनच पाडला."