अंतरपाट पडायच्या आत

कुणाचंही लग्न ठरल्याचं कळलं की येमूल पहिला प्रश्न विचारायचे, "पळत कोण येणार?"

येमूल आमच्या बँकेत हेड कॅशियर. मूळचे सोलापूरचे, घरी तेलुगू, बाहेर मराठी आणि लखनौत आल्यापासून "हाँ भैया". विकास नगरला एकटेच राहायचे. दर रविवारी त्यांच्या खोलीत तेलुगू सिनेमाची कॅसेट लागायची. भाषांतर तेच करायचे, तेही प्रसंगाच्या आधी. "आता दोघं भांडतील. मग पाऊस, गाणं. इंटरव्हलला तिचा बाप आडवा येतो. शेवटी हिरो मंडपात पळत येतो, अंतरपाट पडायच्या आत!" जगातलं सगळं प्रेम त्यांच्या मते याच क्रमानं चालायचं.

मी त्यांचा एकुलता एक शिष्य. आमच्याच शाखेतली वसुधा मला आवडायची आणि हे तिला सोडून सगळ्या शाखेला माहीत होतं. येमूल म्हणाले, "आधी भांडा." मी आज्ञाधारक. भर काउंटरवर स्टेपलरवरून तिच्याशी कडाडून भांडलो. लखनौतच वाढलेली ती. शांतपणे म्हणाली, "आपकी तबीयत तो ठीक है?" आणि स्वतःचा स्टेपलर मला देऊन टाकला. आमचा सिनेमा तिथेच अडकला.

मग एका रविवारी तिला पाहायला नागपूरची मंडळी येणार असल्याचं कळलं. मी पांघरूण घेऊन पडलो. दुःखात मला झोप फार छान लागते. तेवढ्यात येमूल दारात.

"उठा. बख्शी का तालाबला तिच्या घरी जायचंय. खाली स्कूटर उभी आहे."

"अहो, नुसता पाहायचा कार्यक्रम आहे. आणि माझं तोंड काय हिरोचं आहे?"

येमूल खाटेच्या कडेला बसले. "आमच्यात मामाची मुलगी भाच्याला देतात. लहानपणापासून सगळे मला तिच्यावरून चिडवायचे. पण तिचं दुसरीकडे ठरलं. मंडपात ती सारखी माझ्याकडे बघत होती."

"मग तुम्ही पळत गेलात?"

"पळायचं कशाला? मी तिथंच होतो की. अंतरपाटाचं एक टोक माझ्याच हातात होतं. भटजी म्हणाले सोडा, मी सोडलं."

ते हसले. मला मात्र गलबलून आलं, आणि पहिल्यांदाच स्वतःसाठी नाही.

मी उठलो. वसुधाचा स्टेपलर खिशात टाकला. परत करायला आलो म्हणून सांगता आलं असतं. चपला शोधून जिन्यात आलो, तर येमूल पोट सांभाळत माझ्याआधीच स्कूटरकडे पळत सुटले होते.