दोन नावांचा नट

"या खेपेला तरी तुझ्या भूमिकेला नाव आहे का रे?" आईने फोनवर विचारलं आणि नटाने विषय बदलला.

अठरा वर्षांत प्रायोगिक नाटकांतून आणि चार मित्रांनी जमून काढलेल्या चित्रपटांतून त्याने 'परका एक', 'प्रवासी दोन' आणि 'दारातला माणूस' असं बरंच गाजवलं होतं. बाप समुद्रापलीकडचा, आई इथली. त्यामुळे इथल्यांना तो बाहेरचा वाटे, बाहेरच्यांना इथला. आता दोन भावांचं नाटक येत होतं. थोरला इथे वाढलेला, धाकटा परदेशात. दोघांनाही चक्क नावं होती! त्याला कुठलाही भाऊ चालला असता.

त्याची कामं बघणारी एजंटबाई भलतीच चलाख. तिने या एकाच नटाच्या दोन फायली ठेवल्या होत्या. एकीत आईकडचं नाव, दुसरीत बापाकडचं.

सकाळी आईकडच्या नावाने, दाढीसकट, त्याने थोरला वाचून दाखवला.

"काम झकास," दिग्दर्शक हळहळला, "पण चेहरा बाहेरचा वाटतो हो."

"दाढी काढ आणि तीन वाजता दुसऱ्या नावाने जा," एजंटबाई म्हणाली. "साठ जण येतात तिथे. तुला कोण लक्षात ठेवतंय?"

हे त्याला लागलं. पण तो गेला.

"वा!" दुपारी धाकटा ऐकून दिग्दर्शक म्हणाला. "पण तुम्ही फारच इथले वाटता."

संध्याकाळी एजंटबाईला निरोप आला. सकाळचे दाढीवाले धाकटा म्हणून पसंत आहेत, दुपारचे गुळगुळीत थोरला म्हणून. उद्या दोघांना एकत्र पाठवा, समोरासमोरचा प्रवेश बघायचाय.

दुसऱ्या दिवशी नट दिग्दर्शकासमोर एकटाच उभा राहिला.

"दुसरे कुठायत?"

"दुसराही मीच."

दिग्दर्शकाच्या सहायक मुलीने फायलीतल्या फोटोतली दाढी बोटाने झाकली आणि तिला हसू फुटलं. तिथेच सगळं बिनसलं. चार माणसांत तोंडघशी पडलेल्या दिग्दर्शकाला एकाएकी तत्त्वं आठवली.

"आमचं नाटक खऱ्या ओळखीबद्दल आहे, आणि तुम्ही दोन-दोन नावांनी फिरता?"

"दोन्ही माझीच आहेत."

"तेच तर म्हणतोय मी!"

भूमिका दुसऱ्याच दोघांना मिळाल्या. पण धाकट्याला परदेशी हेल जमेना, थोरल्याला घरगुती तुसडेपणा. शेवटी दिग्दर्शकाचाच फोन आला, "यांना तुमच्याइतकं कोण शिकवणार?"

त्याने फोन आपटायला हवा होता. त्याऐवजी सहा आठवडे तो त्या दोघांना आपलं बसणं, आपला राग, दोन भाषांच्या मध्ये शब्द न सापडून गप्प होणं शिकवत राहिला. नाटकाबाहेर राहण्यापेक्षा ते कमी झोंबत होतं, एवढंच.

पहिल्या प्रयोगाला आई तिसऱ्या रांगेत होती. पडदा पडल्यावर ती डोळे पुसतच त्याच्याकडे आली.

"दोघंही थेट तू रे! धाकटा दारात अडखळला तेव्हा मी उठलेच होते." मग चष्मा चढवत तिने विचारलं, "शेवटपर्यंत वाट बघितली मी. तू कधी येऊन गेलास?"