हिरासावजींची इटलीवाली

आमच्या जऊळक्याचे हिरासावजी इटलीतल्या एका बाईचं सुतक धरून बसले होते, असं बाहेरच्या माणसाला सांगितलं तर तो मलाच वेड्यात काढील. पण त्यांच्या आंघोळीचं पाणी तापताना मी डोळ्यांनी पाहिलंय.

सावजींचं कापडाचं दुकान, आणि त्यांच्याच ओसरीवर माझं शिलाई मशीन. माल आणायचं निमित्त करून हा माणूस अकोल्याला रविवार सकाळचा परदेशी पिक्चर गाठायचा. दुसऱ्या महायुद्धानंतर तिकडे कधीमधी इटलीचेही पिक्चर लागायचे. भाषा ओ की ठो कळायची नाही. पण त्यांत एक बाई असायची. हिरोईन नव्हे हो! हिरोईनची शेजारीण. नाहीतर मोलकरीण, नर्स, सुईण. रुंद तोंडाची, पुढच्या दातांत फट असलेली. दोन मिनिटं यायची आणि जायची. सावजी तिच्यासाठी तिकीट काढत, आणि तिचं काम संपलं की उठून सरळ स्टेशनावर येत.

"हिरोईनले पाहाले सारं टाकीज बसलं हाये," ते म्हणत. "हिले कोन पाहीन? सांग बरं!"

त्यामुळे त्यांच्या तोंडून पिक्चरची गोष्ट ऐकणं म्हणजे शिक्षाच. "मंग तिनं दरवाजा उघडला. काय उघडला बाप्पा!"

"मंग?"

"मंग काय? सरलं."

गिऱ्हाईक लुगडं न घेताच निघून जायचं.

एका पिक्चरमध्ये ती मेली. सावजी गाडीतून उतरले ते पडलेल्या चेहऱ्यानं. घरात न शिरता अंगणातच आंघोळ केली, जेवले नाहीत. पाणी तापवून दिलं ते अक्कानं. अक्का त्यांची मोठी बहीण. विशीच्या आतच कपाळ पांढरं होऊन माहेरी आलेली, तेव्हापासून चूल आणि मागची खोली. देवळाखेरीज ती कुठं गेलेली मला आठवत नाही.

पुढं तीच बाई दुसऱ्या पिक्चरमध्ये धडधाकट भाजी विकताना दिसली, आणि सावजींनी दुकानात गूळ वाटला. तेव्हा आतून अक्का म्हणाली, "हिरा, मलेबी दाखव ना तिले एक डाव."

सावजींच्या हातातला गज थांबला. "कायबी बोलतं! विधवा बाई टाकीजमदी? लोक काय म्हनतीन?"

अक्का पुन्हा चुलीकडे वळली. मला असा राग आला की सुई बोटात घुसली. पण दुसऱ्याच्या ओसरीवर बसणाऱ्यानं बोलावं तरी किती?

मग एका रविवारी सावजी तणतणतच परतले. या खेपेला त्यांच्या बाईला विधवा आत्या केलं होतं. "सारे लग्नाले गेले, आन तिले ठेवलं भांडे राखाले! शरम नाई त्या लोकायले! मानसं हायेत का जनावरं?"

अक्का दारात तांदूळ निवडत होती. मान वर न करता तिनं विचारलं, "तिले भाऊ नोता का रे?"

 त्या दिवशी एका बाईला सावजींनी खणाऐवजी धोतराचं कापड फाडून दिलं.

इटलीचा पुढचा पिक्चर लागला तेव्हा दोघं भाऊबहीण अकोल्याला निघाले. स्टेशनावर माना वळल्याच. कोणी विचारायच्या आत सावजीच ओरडून सांगू लागले, "अक्काले पिक्चर दाखवाले चाललो!" तिकीटबाबूलाही सांगितलं, हमालालाही सांगितलं.

परतल्यावर मी विचारलं, "काय सावजी, बाई कोन होती या डाव? नर्स का मोलकरीन?"

"मालूम नाई."

"म्हंजे? आलीच नाई का?"

"आली असन." त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. "अक्का हासत होती बे. मी मधातच उठाले लागलो त म्हने, बस ना, सरला कुठं अजून? लग्नाच्या आंधी हासे ना, तशीच. पदर तोंडाले न लावता. मी अंधारात तिलेच पाहत बसलो."

दुकानात दोन गिऱ्हाइकं उभी होती, तरी सावजी डोळे पुसत होते.

"मले वाटे, तिले हासनंच येत नाई आता. घरातच होती ना बे, मी कदी पाह्यलंच नाई."