मौजे चिंचखेडी बाटीचे रण माजले त्याची हकीकत

स्वस्ति श्री. शके अठराशे शहाण्णव, आनंदनाम संवत्सर, पौष शुद्ध चतुर्दशी, रविवार, इंग्रजी सन एकोणीसशे पंचाहत्तर, माहे जानेवारी, तारीख सव्वीस, ते दिवशी वाशीम प्रांती, मालेगावचे सडकेपासून दीड कोस आत, मौजे चिंचखेड येथे अवघ्या गावाने एका कढईतील अन्न एका पंगतीस बसून भक्षिले. ऐसा प्रकार पूर्वी जाहला नव्हता. तो कैसा जाहला, कोणी हट्ट धरिला, कोणी हिंमत केली आणि वांगी कैसी बचावली, हे पुढील पिढीस ठाऊक असावे म्हणोन यथामती लिहिले असे. वाचणारांनी रिकामे पोटी वाचू नये.

गावात राजमान्य राजेश्री मिश्रीलाल शेट, गूळ, तेल आणि मीठ या तिन्ही ठाण्यांचे सुभेदार, वय बावन्न, स्वभावे गरीब. यांचे आजे मारवाड देशीहून बैलगाडीने आले आणि येथेच राहिले. मग वडील येथेच जन्मले, आणि खासे शेटही येथेच जन्मले, येथील विहिरीचे पाण्यावर वाढले, वऱ्हाडी बोलू लागले. परंतु धर्म जैन. कांदा नाही, लसूण नाही, जमिनीखालील कंद नाही, आणि सूर्य मावळला की अन्न नाही. गावच्या पंगती पडत त्या दिवेलागणीनंतर, आणि भाजीत लसणाची ऐसी भरती की वास वेशीपर्यंत जावा. तेव्हा शेट दर लग्नास गुळाची भेली घेऊन जात, वधूवरांस आशीर्वाद देत, आणि पत्रावळी मांडू लागले की चपला शोधू लागत. आरंभी लोक आग्रह करीत. मग आग्रह सुटला. परका म्हणोन त्यांस कोणी म्हणत नसे, पण जेवावयास बसा म्हणोनही कोणी म्हणत नसे. गावचे पंगतीस एकवार बसावे, ही एवढीच मनीषा शेटांचे काळजात सलत होती, आणि ती त्यांनी कुटुंब पानाबाईसाहेब यांखेरीज कोणास बोलून दाखविली नव्हती.

ते समयी प्रजासत्ताकास पंचवीस वर्षे भरत आली. शाळेचे हेडमास्तर यांनी भाषणात सांगितले की, हा देश म्हणजे एक थोर कढई, तीत नाना धर्म, नाना भाषा, नाना जाती पडल्या आणि शिजून एकजीव जाहल्या. मास्तर बोलून बसले आणि विसरले. परंतु सरपंच जानराव पाटील, पंचायतीचे तख्ती दुसऱ्यांदा निवडून आलेले, शब्दाचे पक्के, यांनी ते वचन जसेच्या तसे धरिले. कढई म्हणजे कढई. लागलीच दवंडी पिटविली की सव्वीस तारखेस दिवसा चार वाजता अवघ्या गावाने एका कढईचे जेवावे. कुणबीपुरा यावा, शेटांचे घर यावे, आणि टेकडीखालचा बंजारा तांडाही यावा. ‘दिवसा’ हा शब्द कानी पडताच शेटांचे हातचा तराजू डुलू लागला, आणि ते दिवशी अर्ध्या गावास गूळ जास्त गेला.

मग पंचायतीचे ओसरीवर मसलत बसली. मुदपाकखान्याचा अधिकार गोजराबाईंकडे. या बाईंनी तीस वर्षे गावची लग्ने आपल्या पळीवर पेललेली. पाटील कोणास भीत नसत, ते गोजराबाईंस भीत. जानरावांनी फर्माविले की थंडीची पंगत म्हणजे रोडगे आणि वांग्याची भाजी, दुसरे काही करणे ही मुलखाची बेअब्रू. तेव्हा शेटांनी खाली पाहत अर्ज केला की कांदा, लसूण, आलू नको. वांग्यात बीज फार, सबब तेही नको. आणि ते दिवशी चौदस पडते, तीस हिरवे वर्ज्य, म्हणोन हिरवी मिरची आणि सांबार, म्हणजे कोथिंबीर, हीही नको. तांड्याचे नाईक उदयसिंग, मिशांचे बहाद्दर, यांनी कळविले की तिखटाविना तांडा ताटास शिवणार नाही. मग पाटलांचे चुलते मारोतराव बोलले की आपणांस तिखट आणि तेल दोन्ही बाधते. गोजराबाईंनी सर्वांचे ऐकून घेतले आणि बोलल्या, “आता कढईत पानी अन् मीठ उरलं. थेच वाढू काय सगळ्याईले?”

शेट उठो लागले, की आपणामुळे गावचा खोळंबा नको, आपण गूळ पाठवू. परंतु गोजराबाईंनी पळी आडवी धरली आणि हुकूम सोडला की तुरीचे वरण कोणाचे धर्माआड येत नाही; त्यात वाळली लाल मिरची पडेल, ती हिरवी नव्हे आणि तिखट आहे; मारोतरावांनी वरचे पाणी प्यावे. ऐसा तह ठरला. वांगी झाडावर सुखरूप राहिली, आणि जानराव दोन दिवस दुःखात होते. तरी त्यांनी मन थोर करून, रोडगा हा आपला शब्द बाजूस ठेविला आणि शेटांचे मानाखातर त्यांचा शब्द उच्चारिला, की वरणासंगे घरटी पाच ‘बाट्या’ आणाव्या. मारवाडी बाटी आणि वऱ्हाडी रोडगा, दोन्ही गोवऱ्यांचे आरावर भाजिलेले कणकेचे गोळे, तेव्हा कोणास संशय आला नाही. उदयसिंग नाईकांनीही मान डोलाविली. दगा येथेच जाहला.

नेमिले दिवशी सकाळी झेंडावंदन होऊन दुपारी कढई चढली. कुणबीपुऱ्याचे रोडगे आले. पानाबाईसाहेब तुपात बुडविलेल्या बाट्या पांढऱ्या फडक्यात घेऊन आल्या, आणि शेट धुतले धोतर नेसून चार वाजल्यापासून उभे. मग साडेचारास डफ वाजवीत तांडा आला, बायांचे ओढणीवरील आरसे चमकत आले, आणि डोईवरच्या टोपल्या उतरवून पाहतात तो आत ज्वारीच्या भाकरींच्या चळती. कारण की बंजाऱ्यांचे बोलीत भाकरीसच बाटी म्हणतात.

जानरावांनी पुसले, बाट्या कोठे. नाईकांस हा अपमान वाटला.

“हे काय हाय मंग? आमच्या आजापासून ह्यालेच बाटी म्हन्तेत,” नाईक म्हणाले. “तुमची तं गोटी हाय, पाटील.”

येणेप्रमाणे तोंड लागले. कुणबीपुऱ्याने रोडग्याची बाजू धरिली, तांड्याने भाकरीची, आणि हेडमास्तर शब्दाची उत्पत्ती सांगू लागले त्यांस दोन्ही फौजांनी बसविले. सव्वापाच जाहले. मारोतरावांनी तोड काढिली की भाकरवाल्यांची पंगत निराळी टाका, रोडगेवाल्यांची निराळी. ते ऐकोन तांडा टोपल्या उचलू लागला. शेटांनी पश्चिमेस पाहिले. दिवस कपाशीचे शेतावर उतरला होता. तो बुडाला की पुढे शंभर पंगती पडोत, आपणांस घरचाच रस्ता. जन्मात गिऱ्हाइकास उलट न बोललेला हा पुरुष, त्याचे तळपायाची आग मस्तकी गेली.

मग शेट गर्दीत शिरले आणि तांड्याचे टोपलीतून एक भाकर घेतली, पाटलांचे परातीतून एक रोडगा घेतला, फडक्यातून एक बाटी घेतली, आणि मधोमध मातीवर बैठक मारून तिन्ही एका ताटात कुस्करिल्या. ताट गोजराबाईंपुढे धरिले. बाईंनी वरण ओतिले. शेटांनी कालविले आणि बोलले, “नाईक, पाटील, इकडं या. याच्यातली कोन्ती कोनाची हाय थे दाखवा मले. सापडली तं मी घरी जातो.”

उभयतां सरदार वाकून पाहू लागले. नाईकांनी बोट पुढे केले तो गोजराबाईंची पळी मनगटावर बसली. बराच वेळ कोणास काही ओळखू येईना.

“मंग मले जेवू द्या,” शेट म्हणाले. “दिवस बुडून राह्यला.”

हे बोल जानरावांचे जिव्हारी लागले, की हा मनुष्य इतुकी वर्षे उपाशीच परत जात होता आणि आपण पाहत होतो. ते शेटांचे उजवे हातास बसले. मग नाईक डावे हातास बसले, आणि मग जैसी जागा मिळेल तैसे अवघे गाव बसले, रोडगा तांड्याचे ताटी गेला आणि भाकर पाटलांचे ताटी आली. शेटांस पहिले घासास रडू आले, आणि ते त्यांनी लपविले नाही.

कढईत देश एकजीव जाहला किंवा कैसे, ते मास्तर जाणोत. डाळही पुरती घोटली गेली नव्हती. परंतु गोजराबाई शिरस्त्याप्रमाणे पंगतीतून ताटे तपासीत आल्या, आणि शेटांपुढे थांबल्या. ताटात मूठभर काला उरला होता. बाईंनी आधी ताट पाहिले, मग पश्चिम पाहिली, आणि गावात ज्यास त्यास बोलत तैसेच बोलल्या, “मिसरी, ताटात टाकाचं नाई. दिवस बोटभर हाय आजून, संपव.”

येणेप्रमाणे मौजे चिंचखेडची फत्ते जाहली. कढई रिकामी, वांगी सलामत, आणि खरी बाटी कोणती याचा निवाडा तहकूब. मिश्रीलाल शेट यांनी ‘हो, बाई’ म्हणोन सूर्यास्ताचे आत ताट पुसून खाल्ले, हे अवघ्या गावपांढरीचे साक्षीने लिहिले असे.