बारा डावांचं मानपत्र

“सर, स्पष्ट सांगू का? अध्यक्ष म्हणतात, मानपत्र हल्ली मोबाइलवर दोन मिनिटांत लिहून मिळतं. तुम्हाला कशाला त्रास?”

एवढं बोलून दीपक चहात बिस्कीट बुडवत बसला. नाशिकच्या द्वारका सर्कलजवळच्या एका बुद्धिबळ मंडळाचा तो सचिव. मंडळाला चैताली बोरस्तेचा सत्कार करायचा होता. इथलीच पोरगी, नुकतीच ग्रँडमास्टर झालेली. आणि धनराज गायधनी सर समोर बसून त्या बिस्किटासारखे मऊ पडत चालले होते.

चाळीस वर्षं या भागात सत्कार कुणाचाही असो, मानपत्र सरांचंच. शाल कुणी आणायची, नारळ कुणी आणायचा यावरून भांडणं होत, पण मानपत्राला कधी दुसरं नाव निघालं नाही. आजवर तीनशे बारा लिहिली आणि तीनशे बारा माणसं निगर्वी, निःस्पृह आणि अजातशत्रू निघाली. त्यातले दोघं पुढे जामिनावर सुटले, ती गोष्ट वेगळी. शाळेतून निवृत्त झाल्यावर सरांची ओळख म्हणून एवढं एकच उरलं होतं, आणि तेही आता मोबाइल घेऊन चालला होता.

“एक संधी दे दीपक. नाही जमलं तर पुढच्या वेळी शालही मोबाइललाच पांघरा.”

“बघतो सांगून. पण सर, ह्याच्यावरच पुढचं ठरणार, बरं का.”

बुद्धिबळात घोडा अडीच घरं चालतो, यापलीकडे सरांना काही ठाऊक नव्हतं. म्हणून दुसऱ्याच दिवशी त्यांनी ओझर गाठलं. चैताली स्पर्धेसाठी परदेशात होती. तिचे वडील केरू बोरस्ते तिथल्या विमान कारखान्यात फिटर. विमानाचा खिळा न् खिळा जाणणारा माणूस, पण तोंडातून शब्द काढायचा तर पान्हा लावावा लागे. सरांनी माहिती मागितली तसा तो आत गेला आणि फडक्यात गुंडाळलेली एक जाड वही घेऊन आला.

“सगळं ह्यात हाय बघा. पोरगी घडली ती ह्याच्यावर.”

सरांनी वही उघडली. गावाचं नाव, तारीख, समोरच्याचं नाव आणि खाली चालींचे आकडे. असे बारा डाव. पहिला नाशिकचा, ती नऊ वर्षांची असतानाचा. शेवटचा बुडापेस्टचा.

“बाराच?”

“बाराच. पण त्या बारांनी तिला झोपू दिलं नाय.”

आता खरं तर इथे साधा प्रश्न विचारायला हवा होता. पण मानपत्र लिहिणाऱ्याला प्रश्न विचारायची सवय नसते. सत्कार आहे म्हणजे माणूस जिंकलेला आहे, हे धरूनच तो टोपण काढतो. आणि हरलेल्याची वही फडक्यात गुंडाळून कोण ठेवतं? आपल्याकडे नापास झाल्याचं प्रगतिपुस्तक पोरं माळ्यावर टाकतात.

सर आठ दिवस लिहीत होते. बारा डाव म्हणजे बारा विजय, आणि बारा विजयांना बारा वेगळी क्रियापदं हवीत, असा त्यांचा हट्ट. एकाला धूळ चारली, एकाला पाणी पाजलं, एकाला नामोहरम केलं. परदेश आधी, गाव शेवटी, असा क्रमही त्यांनी लावला, कारण टाळ्या परदेशाला पडतात. शेवटी नाशिकचा तो पहिला डाव आला. समोर नाव होतं एस. सानप. नाशकात सानप काय थोडे आहेत! सरांनी त्याला चारी मुंड्या चीत करून टाकलं. पत्नी सिंधुताईंनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, “अहो, ही पोरगी हरलीच नाही का कधी?”

“मानपत्रात कुणी हरत नसतं,” सर म्हणाले.

समारंभाला सभागृह भरलं होतं. व्यासपीठावर मधोमध चैताली, शेजारी मंडळाचे अध्यक्ष. टायरचं मोठं दुकान, हातात दोन अंगठ्या. सरांनी चौकटीतलं मानपत्र हातात घेतलं आणि घसा साफ केला.

“बुडापेस्ट नगरीत आपण हंगेरीच्या खेळाडूस धूळ चारलीत!”

टाळ्या पडल्या. चैतालीने चमकून वर पाहिलं. दुसऱ्या नावाला तिच्या भुवया वर गेल्या, तिसऱ्याला तिने ओठ दाबून धरले. सरांना वाटलं, विनय आहे. मागच्या रांगेत केरू बोरस्ते उभा राहून दोन्ही हात हलवायला लागला. सरांना वाटलं, बापाला गहिवरून आलंय, म्हणून त्यांनी आवाज आणखी चढवला. सहाव्या डावाला दीपक त्यांचा सदरा ओढू लागला. आता मानपत्र म्हणजे काही रिक्षा नव्हे मध्येच थांबवायला. सर थेट बाराव्यावर येऊन थांबले.

“आणि अवघ्या नवव्या वर्षी, याच नाशिकमध्ये, एस. सानप या बलाढ्य प्रतिस्पर्ध्यास आपण चारी मुंड्या चीत केलेत!”

अध्यक्ष उठले. मांडीवरचा नारळ गडगडत व्यासपीठाखाली गेला.

“मला? अहो, मी शेखर सानप. तो डाव मी जिंकलोय. ट्रॉफी आहे घरी. पंधरा वर्षं सांगतोय मी लोकांना.”

सभागृहात कुजबुज सुरू झाली. चैतालीने शांतपणे माइक ओढून घेतला.

“सानप सर खरं बोलतायत. तो डाव मी हरले होते. खरं म्हणजे आत्ता वाचले ते बाराही डाव मी हरले होते.”

मग तिला हसू आवरेना. ती हसली तसं सगळं सभागृह हसलं. हसले नाहीत फक्त दोघं. त्यातले अध्यक्ष लाल झाले होते आणि गायधनी सर मागच्या दाराने बाहेर पडले होते.

तीन दिवस सर घराबाहेर पडले नाहीत. दीपकचा फोन आला नाही, म्हणजे ठरायचं ते ठरलं होतं. सिंधुताई भाकरीचं ताट पुढे करत म्हणाल्या, “चाळीस वर्षांत पहिल्यांदा लोकांनी मानपत्र शेवटपर्यंत ऐकलं. खा आता.” सरांनी ताट बाजूला सरकवलं. लोक हसल्याचं त्यांना एवढं लागलं नव्हतं. त्या मुलीच्या सत्काराच्या दिवशी आपण तिच्याच जखमा मोजून दाखवल्या, हे लागलं होतं.

चौथ्या दिवशी चैतालीचाच फोन आला.

“सर, मानपत्र मी भिंतीवर लावलंय. एक काम होतं. त्या बाराही जणांना मला मानपत्र पाठवायचंय. ते नसते तर मी कुठली ग्रँडमास्टर? लिहाल? पहिलं सानप सरांचं. त्यांनी मला बाही दुमडून बसायला शिकवलं, एवढं नक्की घाला.”

बाहीची भानगड सरांना कळेना. पण या वेळी त्यांनी विचारायचं ठरवलं. पेन खिशाला लावून ते द्वारकेला टायरच्या दुकानात गेले.

अध्यक्षांनी आधी तोंड फिरवलं. मग मानपत्र म्हटल्यावर खुर्ची पुढे केली. मग बाही म्हटल्यावर हातातलं बिल खाली ठेवलं. गिऱ्हाईक आलं होतं, त्याला त्यांनी पोराकडे पाठवलं.

“तिच्या स्वेटरची बाही लांब होती हो,” ते हळू म्हणाले. “हात पुढे करताना वजिराला लागली. मी म्हटलं, शिवलीस ना, आता तोच चालव. नियम आहे. चुकून लागलं तर तो नियम लागत नाही, हे मला तेव्हाही माहीत होतं. मी हरत होतो सर. नऊ वर्षांच्या पोरीकडून. ती काही बोलली नाही. वजीर चालवला आणि गेला तिचा.”

“तिला माहीत होतं?”

“आता कळलं, माहीत होतं.” अध्यक्ष अंगठी फिरवत राहिले. “आणि मी पंधरा वर्षं...”

सरांनी पेनाचं टोपण परत लावलं. “मग नको लिहू का?”

अध्यक्ष उठून दुकानाच्या दारापर्यंत जाऊन आले. बाहेर द्वारका सर्कलला नेहमीसारखे हॉर्न वाजत होते.

“लिहा. मोबाइलला हे जमायचं नाही. जसं सांगितलं तसं लिहा. आणि मंडळाच्या पुढच्या कार्यक्रमात व्यासपीठावर तुम्ही नका वाचू. मी वाचतो.”

“विशेषण कोणतं लावू?”

“एकही नको.”

सर घरी आले, कोरा कागद पुढे घेऊन बसले. दहा ओळी लिहायला त्यांना पुरते वीस दिवस लागले.