पाणी कुठवर आलं होतं

आमच्या शेजारचे रामराव काका कुणाच्याही घरी गेले की आधी उंबऱ्याची उंची बघतात, मग चहाला हो म्हणतात. आम्ही राहतो अमरावतीत, राजापेठेत. इथे रस्त्यावर पाणी साचतं ते पाइपलाइन फुटली तरच. तरी माझ्या वास्तुशांतीला आले तेव्हा काकांनी उंबऱ्याला वीत लावली आणि माझ्या बायकोला म्हणाले, "फ्रिजखाली दोन इटा देजा, सूनबाई. बाकी घर झकास आहे."

काकांची नोकरी नदीची पातळी मोजण्याची. कौंडण्यपूरला, वर्धेच्या काठी, उमेदीची वर्षं गेली. गाव रुक्मिणीचं माहेर, फार जुनी नगरी. पण काकांचं म्हणणं वेगळंच. "देवानं रथ आनला तो हिवाळ्यातच आनला असन. पावसाळ्यात ते गाव सोडून दाखवा बरं."

जुन्या पुरांची नोंद कागदावर नव्हती, म्हणून काकांनी म्हाताऱ्या माणसांना विचारून ती गोळा केली. त्यांची एक पद्धत होती. एखादी आजीबाई सांगायची, "पानी माह्या छातीलोक होतं." दुसऱ्या कुणी आजीची छाती मोजली असती. काका विचारायचे, "तवा तुमी केवढ्या होत्या?"

"असन सात-आठ वर्साची."

"मंग बसा खाली."

गावातल्या धर्मशाळेच्या भिंतीसमोर आजी गुडघ्यांवर बसायची. लेक बाजूला धुसफुसत उभा. "माह्या लग्नात बी कोनी मले इतकं वाकवलं नाई," असं एकीनं सुनावल्याचं मी ऐकलंय. काका मान तिरकी करून गेरूची रेघ ओढायचे, शेजारी नाव लिहायचे, टेपनं माप घेऊन वहीत टिपायचे. मला म्हणायचे, "सर, मानूस वाढते तसं त्याचं पानी बी वाढते. लहान करून पुसा लागते."

हे सगळं हसतहसत सांगतो आहे, पण त्या भिंतीचं मी काय केलं ते दोन वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं.

दर कार्तिकात कौंडण्यपूरच्या यात्रेला जाणाऱ्या आमच्या भक्त मंडळानं यात्रेआधी ती धर्मशाळा रंगवून घ्यायचं काम माझ्याकडे दिलं. काका तेव्हा मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी अकोल्याला लेकीकडे होते. पेंटरनं विचारलं, "सर, ह्या रेघाइचं काय करू?" एक फोन करायचा होता फक्त. मी मोबाइल काढलाही, आणि परत खिशात टाकला. "घासून काढ," म्हणालो. भिंत छान पिवळी झाली. लोकांनी माझं कौतुक केलं.

काका परत आले, यात्रेत भिंतीवरून हात फिरवला. "कोनं केलं?"

"मंडळानं ठरवलं," मी म्हणालो. मंडळ म्हणजे त्या दिवशी मी आणि पेंटर.

त्यांनी वही काढून एका दिवसात सगळ्या रेघा पुन्हा ओढल्या. फक्त सगळ्यात खालची राहिली. तिच्याशेजारी पूर्वीही नाव नव्हतं. त्यानंतर मंडळासोबत कौंडण्यपूरला गेलो की काका त्या कोपऱ्यात उभे दिसायचे. म्हातारपण, दुसरं काय, असं मी स्वतःला सांगायचो.

यंदा दिवाळीत त्यांची लेक अकोल्याहून आली होती. फाटकापाशी सहज म्हणाली, "बाबांनी सगळ्यांची मापं घेतली न सर, आईची नाही घेतली." तिची आई त्याच गावची. एका पुराच्या वेळी सात वर्षांची, पाणी गळ्यापर्यंत. तरुण रामराव विचारत विचारत दारी आले, तिला धर्मशाळेपाशी घेऊन गेले आणि तिनं वाकून भिंतीवर हात ठेवला; तिथे त्यांनी रेघ ओढली, पण ना नाव लिहिलं ना टेप लावला. पुढं लग्न झालं. आई जाऊन आता चार वर्षं झाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी काकांकडे गेलो. "काका, मंडळ-बिंडळ काही नव्हतं. रेघा पुसायला मीच सांगितलं."

काकांनी बशीतला चहा संपवला.

"पुसन्याआधी ते खालची पाह्यली होती न तुमी?"

"हो. तिला टेकूनच उभा होतो. मोबाइल काढताना मनगटाला गेरू लागला होता."

"मंग चला."

बसनं कौंडण्यपूर गाठलं आणि धर्मशाळेच्या भिंतीपाशी त्यांनी मला उभं केलं. "पायात काय होतं?"

"चपला."

"ह्याच?"

"नाही, पातळ होत्या."

"मंग काढा ह्या." माझ्याकडे खालपासून वर बघितलं. "पोट इतकंच होतं का?"

"थोडं कमी असेल."

"आत घ्या."

पोट आत घेऊन, डोळे मिटून मी खिशाकडे हात नेला. मोबाइल काढला. मनगट भिंतीला लागलं तिथे थांबलो. "इथलोक," मी म्हणालो. आयुष्यात पहिल्यांदा वऱ्हाडीत बोललो असेन त्यांच्याशी.

काकांनी गेरूची रेघ ओढली. मी टेप पुढे केला.

"राहू द्या," ते म्हणाले. "तिची कायले मोजाची? येऊन पाह्यता येते न."

मग भिंतीला पाठ टेकून खाली बसले. रेघ त्यांच्या डोक्याच्या चार बोटं वरून गेली. मान वर करून त्यांनी ती बघितली आणि हसले.

"बुडालो न, सर," म्हणाले, आणि तसेच बसून राहिले.