कोळेकर सरांची खांड

जिलेबी तोंडाशी आणि डोळे घड्याळाशी, असा माणूस तुम्ही पाहिलाय? माझ्या शेजारीच राहतो. लग्न कुणाचंही असो, पंगत ऐन रंगात आली की कोळेकर सर पानावरून उठतात आणि वाढप्यांनाही ऐकू जाईल अशा आवाजात म्हणतात, "चला, माझी खांड भुकेली असेल."

खांड म्हणजे मेंढरांचा कळप. सर मूळचे जतकडचे, घराणं पिढ्यान्‌पिढ्या मेंढरांमागे हिंडलेलं. त्यामुळे खांडीचं कुणाला नवल नव्हतं. पण विश्रामबागेत दुसऱ्या मजल्यावर राहणारा, कॉलेजात औषधशास्त्र शिकवणारा प्राध्यापक ही मेंढरं बांधतो कुठे? आमच्या अख्ख्या सोसायटीला हे कोडं होतं. जिन्यात कधी एक लेंडीसुद्धा सापडली नाही!

मी पडलो चष्म्याचा दुकानदार, बारीक बघणं हा माझा धंदाच. एकदा सरांपाठोपाठ मीही पंगतीतून उठलो आणि सरळ त्यांच्या स्कूटरवर मागे जाऊन बसलो.

कॉलेजच्या प्रयोगशाळेत एक कपाट होतं, आतून माणसाच्या अंगाइतकं उबदार. त्यात चपट्या बाटल्या आडव्या निजवलेल्या आणि प्रत्येकीत गुलाबी सरबत. त्या सरबतावर माणसाच्या डोळ्याच्या पेशी जगत होत्या. कुणा भल्या माणसानं मरताना डोळे दान केले, त्यातून आलेल्या पेशींची ही पिलावळ. सर त्यांचा बुबुळावरच्या पापुद्र्यासारखा पातळ थर बनवतात, त्यावर नव्या औषधाचा थेंब टाकतात आणि तो डोळ्याला झोंबेल की नाही ते बघतात.

"सरबत पिवळं पडलं की वळखायचं, उपाशी हायत," सर म्हणाले. "आन् बुरशी म्हंजे लांडगा. एकदा आत शिरला की खांड संपली."

तेवढ्यात मला शिंक आली. सरांनी माझ्याकडे असं पाहिलं की लांडगा कोण, हे मला लगेच कळलं.

आता माझा खोडसाळपणा ऐका. माझा मेहुणा तानाजी पलूसजवळ ऊस करतो. त्याचा फोन आला, "दाजी, ऊस कारखान्याला गेला, रान मोकळं झालंय. कुणाची मेंढरं बसवाय मिळतील का?" मेंढरं रात्रभर रानात बसवली की लेंड्यामुताचं खत आयतं मिळतं. मी अगदी गंभीर आवाजात सरांचा नंबर दिला आणि लगोलग सरांकडे चहाला जाऊन बसलो. फोन वाजलाच.

"आवं सर, खांड केवढी हाय तुमची?"

"लाखोंनी असत्याल की."

पलीकडून तानाजीचा चढा आवाज, "येवढी चराय सोडता कुठं?"

"सोडत न्हाई. बाटलीतच असत्यात."

"मेंढरं?"

सरांनी एकदा फोनकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. मी बशीत तोंड घातलं. दुसरा कुणी चिडला असता. सर म्हणाले, "या की बघायला, पावनं!"

तानाजी दुसऱ्याच दिवशी आला. सरांनी त्याचे पाय धुवून घेतले, हात धुवून घेतले, तोंडाला फडकं बांधलं आणि सूक्ष्मदर्शकापुढे बसवलं. तानाजीनं बराच वेळ एक डोळा मिटून पाहिलं.

"सर, ह्यांचं डोळं कुठं हायत?"

"ह्येच डोळं हायत."

"मग थेंब झोंबला तर वरडत न्हाईत?"

"करपत्यात. पर दुखायला मागं कुणी न्हाई."

तानाजी विचारात पडला. पण आला होता तो खतासाठी. "आन् लेंड्या?"

सरांनी पिवळं पडलेलं सरबत दाखवलं. तानाजी निराश झाला. "ह्यात माझी तुळशीची कुंडी बी भिजायची न्हाई ओ!"

निघताना मागच्या आवारात सशांचे पिंजरे दिसले. "आन् ही कुणाची खांड?" तानाजीनं विचारलं.

सर म्हणाले, "बाटलीतली खांड कामाची न्हाई ठरली, तर थेंब ह्यांच्याच डोळ्यात. आजवर तसंच चाललंय. पुढच्या आठवड्यात समिती येनार हाय, थेंब कुणावर तपासायचा ती ठरवंल." मग स्वतःच्या हातांकडे बघत म्हणाले, "नवा लागलो तवापासनं आत्ताआत्तापातुर ससं धराय मलाच बोलवायचे. माझ्या हातात जनावर हलत न्हाई, घरातनंच आलंय त्ये. मी धरला की ससा निवांत व्हायचा. मग थेंब टाकायचा." आणि पुन्हा म्हणाले, "लय निवांत व्हायचा ओ."



समिती आली, तिनं सरांचे थर पाहिले, निकाल ताडून पाहिले आणि सांगितलं, इथून पुढे या कॉलेजात ही तपासणी पेशींवरच होईल. मी पेढे घेऊन धावलो. प्रयोगशाळेत सर नव्हते. मागे पिंजऱ्यांपाशी बादली पालथी घालून बसले होते. मांडीवर पांढरा ससा, हातात लसूणघासाच्या हिरव्या चाऱ्याची काडी. ससा अजिबात हलत नव्हता. डोळे गच्च मिटलेले.

"हात वळखलाय त्यानं," सर हळूच म्हणाले. "थेंबाची वाट बघतंय."

या खेपेला घड्याळ मी पाहिलं. "सर, तुमची खांड भुकेली असेल."

"ऱ्हाऊ दे," सर म्हणाले. "ह्यो डोळं उघडंस्तवर उठायचं न्हाई."

मीही पेढ्यांचा पुडा बाजूला ठेवून खाली बसलो.